स्लॅबच्या खाली आणि वर : एका शेजाराचे प्रकरण

पुण्याच्या पश्चिमेकडील एका उपनगरात अकरा मजल्यांची, प्रत्येक मजल्यावर चार सदनिका असलेली एक इमारत आहे. २०१४ साली तिचा ताबा मिळाला, पुढच्या वर्षी सहकारी गृहनिर्माण संस्था नोंदली गेली आणि २०१८ ते २०२३ ही पाच वर्षे मी त्या संस्थेचा सचिव होतो. या काळात ज्या एका प्रकरणाने मला सर्वांत जास्त अस्वस्थ केले त्यात भांडण झाले नाही, पोलीस आले नाहीत, उपनिबंधकांकडे तक्रार गेली नाही आणि कोणाचे फार मोठे आर्थिक नुकसानही झाले नाही. ६०२ मधील एक वयस्क जोडपे आणि ७०२ मधील एक तरुण भाडेकरू काही वर्षे एकमेकांच्या खाली-वर राहिले, एवढेच. सदनिकांचे क्रमांक आणि ओळख पटेल असे तपशील मी बदलले आहेत. जे ज्या क्रमाने घडले तो क्रम मात्र तसाच ठेवला आहे.

खालचे आणि वरचे

६०२ मधील काका टपाल खात्यातून निवृत्त झालेले, तर काकू एका बँकेतून. एकुलती एक मुलगी लग्नानंतर बंगळुरूला असते. काकांचे बालपण शनिवार पेठेतल्या वाड्यात गेले. १२ जुलै १९६१ रोजी पानशेतचे धरण फुटले तेव्हा ते सहा वर्षांचे होते आणि वाड्याची नदीकडची बाजू त्या पुरात बसली. शहरातल्या इतर अनेक कुटुंबांप्रमाणे तेही मग पूरग्रस्तांच्या वसाहतीत, तिथून दोन खोल्यांच्या ब्लॉकमध्ये आणि निवृत्तीनंतर या इमारतीत आले. पुण्यातल्या मध्यमवर्गीय घरांचा साठ वर्षांचा प्रवास या एका माणसाने स्वतः केला आहे, त्यामुळे शेजाराविषयी ते बोलू लागले की मी लक्ष देऊन ऐकतो. वाड्याविषयी त्यांना उमाळा येत नाही. सामायिक नळावरून, हौदातल्या पाण्यावरून आणि संडासाच्या रांगेवरून झालेली भांडणे त्यांना नावानिशी आठवतात. त्यांचे म्हणणे एवढेच, की तिथे माणसांना एकमेकांशी बोलावे की नाही असा प्रश्नच पडत नसे, कारण न बोलता पाणी मिळत नसे.

७०२ चा मालक नाशिकला राहतो. ऑक्टोबर २०१९ मध्ये त्याने ही सदनिका परभणी जिल्ह्यातून आलेल्या, सॉफ्टवेअर कंपनीत काम करणाऱ्या एका अविवाहित तरुणाला भाड्याने दिली. अमेरिकेतल्या ग्राहकांचे काम असल्याने त्याची पाळी संध्याकाळी साडेसहा ते पहाटे साडेतीन. पहिले काही महिने तो कंपनीच्या गाडीने येत-जात असे आणि इमारतीला त्याची चाहूलही लागत नव्हती. २५ मार्च २०२० पासून देशभर टाळेबंदी लागू झाली, त्याचे ऑफिस घरी आले आणि काकूंच्या डोक्यावर खऱ्या अर्थाने कोणीतरी राहू लागले.

कागदावर तो पुरता ओळखीचा होता

सचिवाच्या कपाटात प्रत्येक भाडेकरूची एक फाइल असते. ७०२ च्या फाइलमध्ये नोंदणीकृत करारनाम्याची प्रत होती, कारण महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम ५५ नुसार असा करार लेखी आणि नोंदणीकृत असावाच लागतो. पोलिसांना दिलेल्या भाडेकरूच्या माहितीची पोच होती. आधार कार्डाची प्रत, पासपोर्ट आकाराचा फोटो, कंपनीचे पत्र, गावचा पूर्ण पत्ता आणि अडीअडचणीला कळवण्यासाठी भावाचा मोबाइल क्रमांकही होता. सदनिका भाड्याने दिल्याबद्दल मालकाकडून भोगवटेतर शुल्क घेतले जाते, ते सेवाशुल्काच्या दहा टक्क्यांपेक्षा जास्त असू नये असे शासनाने २००१ मध्येच ठरवून दिले आहे. त्याची नोंदही दरमहा होत होती. वाड्याच्या मालकाला आपल्या बिऱ्हाडकरूविषयी इतकी तपशीलवार माहिती कधी असेल असे मला वाटत नाही.

ही माहिती कपाटात होती आणि कपाटाची किल्ली माझ्याकडे. ६०२ मध्ये त्यातले काहीच पोचले नव्हते. ७०२ च्या दारावर मालकाच्या नावाची पितळी पाटी होती आणि भाडेकरूने तिच्याखाली आपल्या नावाचा साधा कागदही कधी चिकटवला नाही. परिणाम असा, की ज्यांनी नोकरीभर अर्धवट पत्त्यावरून माणसे शोधून काढली त्या काकांना आपल्या डोक्यावर राहणाऱ्याचे नाव ठाऊक नव्हते. घरात त्याचा उल्लेख मालकाच्या आडनावाने किंवा नुसता ‘वरचा’ असा होई. संस्थेच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर तो नव्हता, कारण ग्रुप फक्त सभासदांसाठी असावा असा ठराव समितीने केला होता. त्या ठरावाला सूचक मीच होतो.

आणखी एक गोष्ट होती, ती म्हणजे अकरा महिने. बहुतेक करार अकरा महिन्यांचे असतात, त्यामुळे भाडेकरूकडे पाहण्याची एक दृष्टीच तयार झाली आहे. आज आहे, उद्या नसेल, कशाला ओळख वाढवायची, असे काकूंनी मला स्पष्टपणे सांगितले होते आणि त्यात तुच्छता नव्हती, व्यवहार होता. प्रत्यक्षात त्या तरुणाचा करार चार वेळा झाला. जर्मन समाजशास्त्रज्ञ गेओर्ग झिमेल यांनी १९०८ मध्ये परक्या माणसाविषयी लिहिताना एक भेद केला होता: परका म्हणजे आज येऊन उद्या निघून जाणारा भटक्या नव्हे, तर आज येऊन उद्याही राहणारा माणूस. अकरा-अकरा महिन्यांनी राहत गेलेला भाडेकरू या वर्णनात तंतोतंत बसतो. तो जाणार हे गृहीत धरून त्याच्याशी वागायचे आणि तो मात्र जात नाही.

आवाज

आमच्या इमारतीत दोन मजल्यांमधला काँक्रीटचा स्लॅब सुमारे पाच इंचांचा आहे. अशा स्लॅबमधून माणसाचे बोलणे फारसे खाली येत नाही. जे हवेतून येते ते बरेचसे अडते. पण फरशीवर थेट बसलेला आघात, म्हणजे ओढलेली खुर्ची, पडलेले भांडे, टाचा टेकत चालणारी पावले, काँक्रीटमधून सरळ खालच्या छतात उतरतो. याचा अर्थ, खालच्या माणसाला वरच्याचे शब्द ऐकू येत नाहीत, हालचाली ऐकू येतात. तो काय म्हणतो ते कळत नाही, काय करतो ते सगळे कळते.

काकूंनी वर्षभरात या आवाजांचा अर्थ लावून टाकला होता. साडेसहाला लोखंडी पायांची खुर्ची ओढल्याचा कर्र आवाज आला की वरचा कामाला बसला. अकराच्या सुमारास स्टीलची वाटी ओट्यावरून पडून गरगर फिरत थांबे. ती वाटी आठवड्यातून दोनदा तरी पडेच आणि काकू खालून ‘उचल रे बाबा’ म्हणत. पावणेचारला नळ, मग पलंगाची कुरकुर, मग शांतता. त्यांना झोप कमी. टाळेबंदीतल्या त्या रात्रींत वर कोणीतरी जागे आहे याचा आधार वाटे, असे त्यांनी मला नंतर सांगितले. त्या वेळी सांगितले असते तर मी बहुधा हसलो असतो.

अस्वस्थतेचे मूळ इथेच आहे, असे मला आता वाटते. शेजारी अनोळखी आहे म्हणून माणूस तितका अस्वस्थ होत नाही, जितका त्याच्याविषयी पुष्कळ काही ठाऊक असून त्यातले काहीच वापरण्याचा अधिकार आपल्याला नाही हे कळल्यावर होतो. जानेवारी २०२१ मधल्या एका रात्री वर भिंतीवर तीन वेळा हात आपटल्यासारखा आवाज झाला आणि नंतर तासभर, या टोकापासून त्या टोकापर्यंत, येरझारा चालू राहिल्या. दुसऱ्या दिवशी लिफ्टमध्ये तो तरुण भाजीची पिशवी घेऊन उभा होता. काकू माझ्याकडे आल्या तेव्हा म्हणाल्या, ‘विचारणार तरी काय? काल रात्री तुम्ही येरझारा का घालत होतात, असं?’ नाव माहीत नसलेल्या माणसाची वाईट रात्र त्यांनी पूर्ण ऐकली होती आणि सकाळी त्याला ‘पाणी येतंय ना?’ एवढेच विचारून त्या सहाव्या मजल्यावर उतरल्या.

गळती

जुलै २०२१ च्या दुसऱ्या आठवड्यात ६०२ च्या न्हाणीघराच्या छताला ओल आली, गिलावा फुगला आणि चार दिवसांत खाली बादली ठेवावी लागली. प्लंबरने वरच्या नहाणी ट्रॅपच्या, म्हणजे न्हाणीतले पाणी नळात सोडणाऱ्या फरशीतल्या भांड्याच्या, सांध्यावर संशय घेतला. खात्री करण्यासाठी वरच्या न्हाणीघरातल्या ट्रॅपचे तोंड बुजवून चोवीस तास पाणी साठवून ठेवायचे आणि खाली ओल वाढते का ते पाहायचे, ही नेहमीची रीत. आदर्श उपविधींप्रमाणे पावसाच्या पाण्याची आणि सामायिक नळांची गळती संस्थेने दुरुस्त करायची असते, तर संडास, न्हाणी, सिंक यांची आतली गळती त्या त्या सभासदाने. म्हणजे खर्च ७०२ च्या मालकाचा होता यात वाद नव्हता.

इथे मी जे केले ते नियमाला धरून होते आणि चुकीचे होते. एक मजला चढून बेल वाजवण्याऐवजी मी संस्थेच्या लेटरहेडवर मालकाला पत्र लिहिले, जावक क्रमांक घातला आणि प्रत भाडेकरूच्या दाराखालून सरकवली. समितीच्या एका सदस्याने तेच पत्र ग्रुपवर टाकले. ‘७०२ मुळे ६०२ मध्ये गळती’ ही ओळ चव्वेचाळीस घरांनी वाचली. ज्याच्याविषयी होती तो ग्रुपवर नव्हता, त्याला ती तळमजल्यावरच्या एका ओळखीच्या सभासदाने स्क्रीनशॉट पाठवून दाखवली. इमारतीत त्याला नाव मिळाले ते असे. पुढचे काही महिने वॉचमनसुद्धा त्याला ‘गळतीवाले’ म्हणत होता.

मला त्या वेळी लक्षात न आलेली गोष्ट म्हणजे तारीख. त्याचा दुसरा करार त्याच महिन्याच्या अखेरीस संपत होता. फरशी फोडायची की नाही हे ठरवण्याचा अधिकार त्याला नव्हता, मालक नाशिकहून ‘पावसाळा संपू दे’ म्हणत होता, आणि या गळतीचे निमित्त करून मालक करार वाढवणार नाही अशी भीती त्याला वाटत होती. तेवढ्यात खालून काकांनी दुसरे पत्र दिले. त्यात त्यांनी ‘संबंधितांचा निष्काळजीपणा’ असा शब्द वापरला होता. टपाल खात्यात चाळीस वर्षे असेच लिहिले जाते. वरच्याने तो शब्द वाचला. बादली ठेवल्यापासून दुरुस्ती होईपर्यंत पाच आठवडे गेले, फरशीखालचा विटांच्या तुकड्यांचा थर काढून नवा ट्रॅप बसवला गेला, मालकाने पैसे दिले आणि करारही वाढला. तांत्रिकदृष्ट्या प्रकरण मिटले.

काकांच्या वाड्याशी याची तुलना केली की फरक दिसतो. तिथे भांडण व्हायच्या आधी माणसांत शंभर वेळा काही ना काही बोलणे झालेले असे, त्यामुळे भांडण हे एका चालू संबंधातले भांडण असे. आमच्याकडे नळ घरात आला, संडास घरात आला, दूध दाराच्या कडीला लागले, पत्रे तळमजल्यावरच्या खोक्यात पडू लागली. पहिला शब्द उच्चारायला लावणारी प्रत्येक गरज भिंतीच्या आत गेली. सामायिक राहिला तो स्लॅब, आणि स्लॅबविषयी बोलायची वेळ फक्त तो गळला तरच येते. म्हणून दीड-दोन वर्षे खाली-वर राहिलेल्या माणसांचा पहिला शब्द तक्रारीचा निघाला.

अमेरिकेत लिऑन फेस्टिंगर आणि त्यांच्या दोन सहकाऱ्यांनी मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीच्या विवाहित विद्यार्थ्यांच्या वसाहतीचा केलेला अभ्यास १९५० मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात शेजारच्या दारातल्या लोकांपैकी ४१ टक्क्यांनी एकमेकांना जवळचे मित्र म्हटले होते, तर त्याच मजल्याच्या दोन टोकांना राहणाऱ्यांत हे प्रमाण १० टक्के होते. जिन्याजवळ आणि पत्रांच्या खोक्यांजवळ राहणाऱ्यांची वरच्या मजल्यांशीही मैत्री होती. जवळीक मैत्री घडवते असा याचा निष्कर्ष सर्रास काढला जातो. पण १९७६ मध्ये कॅलिफोर्नियातल्या एका गृहसंकुलाचा अभ्यास प्रसिद्ध झाला, त्यात नावडती माणसे आवडत्या माणसांपेक्षाही जास्त जवळ राहत असल्याचे आढळले. मला यात विसंगती वाटत नाही. जिन्यावरची गाठ माणसाची गाठ असते. छतातून आलेला उपद्रव फक्त उपद्रव असतो, त्याला चेहरा नसतो. आमच्या इमारतीत दोन लिफ्ट आहेत आणि जिन्याचा उपयोग लोक लिफ्ट बंद पडल्यावरच करतात.

सातारा स्टँड

सप्टेंबर २०२२ मध्ये एक गोष्ट घडली, जी मला दोघांकडूनही वेगवेगळी ऐकायला मिळाली आणि दोघांनीही ती जवळजवळ सारखीच सांगितली. काकू माहेराहून परतताना सातारा स्टँडवर स्वारगेटच्या विनाथांबा गाडीच्या रांगेत उभ्या होत्या. तो तरुण मित्रांबरोबर कासचे पठार पाहून एकटाच परत निघाला होता. दोघांनी एकमेकांना तत्काळ ओळखले. त्याने काकूंची पिशवी वर फळीवर ठेवली, शेजारची जागा धरली आणि स्वारगेटपर्यंत दोघे बोलत आले. त्याच्या आईला साखरेचा त्रास आहे, वडिलांची पाठ दुखते, भाऊ शेती करतो, हे काकूंना कळले. काकूंचा गुडघा, मुलीचे बंगळुरू, काकांचा पानशेत हे त्याला कळले. त्याचे नाव काकूंना कळले तेही त्या दिवशी, खंबाटकी घाटात, तिसरा करार संपून चौथा चालू झाल्यावर. गळतीविषयी दोघेही बोलले नाहीत.

मानसशास्त्रज्ञ स्टॅन्ली मिलग्रॅम यांनी १९७२ मध्ये रोज एकाच फलाटावर उभ्या राहणाऱ्या पण कधी न बोलणाऱ्या माणसांविषयी लिहिताना ‘ओळखीचा अनोळखी’ ही कल्पना मांडली. न बोलण्यात जितकी वर्षे जातात तितके बोलणे अवघड होते, आणि तीच दोन माणसे नेहमीच्या जागेपासून दूर भेटली तर मात्र सहज बोलतात, हे त्यांचे निरीक्षण. स्वारगेट ते आमची इमारत एवढ्या अंतरात त्याचा उलटा भागही खरा ठरला. पुढच्या आठवड्यात लिफ्टमध्ये भेट झाली तेव्हा त्याने ‘काय काकू’ म्हटले, काकू हसल्या, आणि मग दोघेही दारावरच्या बदलणाऱ्या आकड्यांकडे पाहू लागले. बरोबर तिसरे माणूस होते, हे एक कारण. दुसरे, मला वाटते, लिफ्टमध्ये दोघेही पुन्हा सहाशे दोन आणि सातशे दोन झाले होते. काकूंनी मला खंतावून सांगितले, ‘नंबर मागायचा राहिलाच.’

पाच दिवस

मंगळवार, १४ फेब्रुवारी २०२३ च्या रात्री वर खुर्ची नेहमीप्रमाणे वाजली. बुधवारी वाजली नाही. गुरुवारी आणि शुक्रवारीही नाही. नळ नाही, पलंग नाही, वाटी नाही. पार्किंगमध्ये त्याची स्कूटर उभी होती आणि मागच्या बाल्कनीत टॉवेल वाळत होता.

शनिवारी महाशिवरात्र होती. काकूंनी रताळ्याचा कीस केला, वाटीत काढला, वर झाकणी ठेवली आणि लिफ्टने सातव्या मजल्यावर गेल्या. घरोघरी वाटी फिरवणे हे त्यांच्या पिढीचे बेल वाजवण्याचे निमित्त असते. वाटी रिकामी परत करायची नाही या संकेतामुळे एक फेरी दुसरीला जन्म देते. त्या ७०२ समोर उभ्या राहिल्या. इतक्यात ७०१ चे दार उघडून कोणीतरी कचऱ्याची बादली बाहेर ठेवली आणि त्यांच्याकडे पाहिले. काकूंनी लिफ्टचे बटन दाबले आणि कीस परत आणला. मी कारण विचारले तेव्हा त्या जरा चिडूनच म्हणाल्या, ‘तो म्हणाला असता, आजच कसं आठवलं? काय सांगणार होते, तुझी खुर्ची वाजली नाही म्हणून?’

रविवारी, शिवजयंतीच्या दिवशी, खाली रस्त्यावर ढोल वाजत असताना त्यांनी मला फोन केला. मी गेटवरचे अॅप पाहिले. त्यात मंगळवारी रात्री दहा चाळीसला ७०२ कडे जेवण घेऊन आलेल्या मुलाची नोंद, फोटोसह, होती. त्यानंतर काही नाही, आणि असणारही नव्हते, कारण अॅपमध्ये येणाऱ्या प्रत्येक परक्याची नोंद होते, राहणाऱ्याची होत नाही. त्याचा फोन बंद होता. नाशिकच्या मालकाने सांगितले की एक तारखेला भाडे आले आहे. वॉचमनला घेऊन मी वर गेलो, बेल वाजवली, दार ठोठावले. ७०१ मधल्या बाईंनी साखळी न काढता सांगितले की त्यांना काहीच कल्पना नाही. त्यांचा आणि ७०२ चा चपलांचा स्टँड एकच आहे.

शेवटी फाइल काढली आणि भावाचा नंबर लावला. तरुण तिथेच होता. वडिलांना मंगळवारी रात्री अचानक परभणीच्या रुग्णालयात दाखल करावे लागले, मित्राच्या गाडीने तो पहाटेच निघून गेला होता, आणि धावपळीत मोबाइल पडून फुटला होता. मी ‘सहज विचारलं’ म्हणून फोन ठेवला आणि काकूंना ‘सुखरूप आहे’ एवढे कळवले. त्या रात्री आम्ही तिघेही निश्चिंत झोपलो असू.

जे नंतर कळले

दहा-बारा दिवसांनी तो माझ्याकडे आला. आवाज चढलेला नव्हता, पण तो बसला नाही. ‘सर, माझ्या घरी फोन कशासाठी गेला? संस्थेतून फोन म्हटल्यावर आई घाबरली. तिला वाटलं, मी काहीतरी केलंय.’ मी खरे ते सांगितले, की काकूंना पाच दिवस वरून काही ऐकू आले नाही म्हणून काळजी वाटली. त्याचा राग गेलेला मला दिसला, पण त्या जागी आले ते समाधान नव्हते. थोडा वेळ थांबून त्याने विचारले, ‘म्हणजे काकूंना रोज सगळं ऐकू येतं?’

मग तो बसला. त्याच्याही कानावर खालचे बरेच काही येत असे. न्हाणीघराच्या डक्टमधून काकांचा पहाटेचा खोकला येई आणि आकाशवाणीवरच्या सकाळच्या प्रादेशिक बातम्या लागत त्या वेळी तो अर्धवट झोपेत असे. काका आजारी पडून चार दिवस रेडिओ लागला नव्हता तेव्हा त्यालाही चुकल्यासारखे झाले होते. आवाज वर येतो हे त्याला रोज कळत होते. तो खाली जातो, ही गोष्ट त्याने कधी मनात आणली नव्हती. भिंतीवर हात आपटल्याची ती रात्र त्याला आठवली असावी, असे त्याच्या चेहऱ्यावरून मला वाटले; मी विचारले नाही.

काळजी आणि पाळत यांत करणाऱ्याच्या दृष्टीने जो फरक असतो, तो ज्याच्यावर होते त्याला दिसेलच असे नाही. तो दिसण्यासाठी आधी बरेच साधे, बिनकामाचे बोलणे झालेले असावे लागते. आमच्याकडे त्याच्या खात्यावर जमा होते एक जावक क्रमांकाचे पत्र, ‘निष्काळजीपणा’ हा शब्द आणि एक एसटीचा प्रवास. ज्या माहितीच्या जोरावर मी त्याच्या घरी फोन केला ती त्याने पोलिसांसाठी दिली होती, शेजाऱ्यांसाठी नव्हे. फोन केला नसता तर बरे झाले असते, असे मी म्हणणार नाही. आत तापाने पडलेला माणूस असता तर हीच गोष्ट मी निराळ्या सुरात लिहिली असती. पण त्या संध्याकाळी पहिल्यांदा मला जाणवले, की मी पाच वर्षे संस्थेचे कामकाज चोख केले आणि त्यातले बरेचसे कामकाज म्हणजे माणसांना एकमेकांच्या दारापर्यंत जावे लागू नये याची व्यवस्था होती.

त्याने गावाहून हुरडा आणला होता. तो त्याने वॉचमनच्या हाती ६०२ मध्ये पाठवला, डब्यातून नव्हे, प्लास्टिकच्या पिशवीतून. म्हणजे परत काही द्यायची वेळ यायला नको. काकूंनी तो भाजला, दोघांनी खाल्ला, आणि वॉचमनबरोबर ‘छान होता’ असा निरोप वर गेला.

त्याच आठवड्यात त्याने खुर्चीच्या चारही पायांना रबरी बूच बसवले आणि पलंगाखाली जाड चटई घातली. ओट्यावर कापड अंथरले असावे, कारण वाटीही वाजेनाशी झाली. काकांना वाटले, बरे झाले. काकू मात्र पुन्हा माझ्याकडे आल्या. त्यांना तक्रार करायची नव्हती आणि काय करायचे होते ते त्यांना नीट सांगता येत नव्हते. ‘वरचे आहेत ना हो?’ एवढेच त्यांनी विचारले. मी आहेत म्हणालो. त्याचे नाव त्यांना ठाऊक होते, तरी त्या ‘वरचे’च म्हणाल्या.

मी आता सचिव नाही. सकाळी फिरायला निघताना काकू हल्ली पुढच्या दाराने न जाता पार्किंगमधून वळसा घेऊन जातात, आणि ७०२ च्या खांबापाशी स्कूटर उभी आहे की नाही ते पाहून पुढे होतात.